ज्या देशाकडून मी धावले

आमच्या घरात परदेशी नागरिक मी एकटीच होते, आणि कुळथाच्या पिठीवर सगळ्यांत जास्त तुटून पडणारीही मीच. मला स्वतःला यात काही अवघड वाटत नसे. अवघड वाटायचं ते पोलीस कचेरीतल्या हवालदाराला. मुक्कामाची मुदत वाढवून घ्यायला अण्णा मला दरवर्षी तिथे घेऊन जायचे. हवालदार एकदा माझ्या पासपोर्टाकडे बघायचा, एकदा माझ्या तेल चोपडलेल्या वेण्यांकडे, आणि विचारायचा, ही कुठली म्हणून. अण्णा सांगायचे, मांडवीची. मग दोघंही हसायचे, शिक्का बसायचा आणि परत येताना अण्णा मला बाजारातून खाजं घेऊन द्यायचे. मी ते घरी पोचेपर्यंत संपवायचे, कारण घरी काकी वाटा मागायची.

अण्णा म्हणजे माझे थोरले काका, हायस्कुलात गणिताचे मास्तर. त्यांचा धाकटा भाऊ सुधाकर, म्हणजे माझे बाबा, तरुणपणी बोटीवर चढले आणि दूरच्या एका बेटावर उतरून तिथल्या बंदरात कारकून झाले. ते बेट म्हणजे एक स्वतंत्र देश आहे, पण एवढा लहान की शाळेच्या नकाशात त्याच्या नावाची अक्षरंच त्याच्यापेक्षा मोठी दिसतात. मी त्याचं नाव इथे लिहीत नाही. माझे सावत्र भाऊ तिथे आहेत, त्यांना कशाला यात ओढा. नोकरी टिकावी म्हणून बाबांनी तिथलं नागरिकत्व घेतलं, मी तिथेच जन्मले, म्हणून मीही तिथली. आई तापाने तिथेच गेली. मला धड बोलताही येत नव्हतं तेव्हा बाबा मला घेऊन रत्नागिरीला आले आणि काही महिन्यांसाठी म्हणून अण्णा-काकीकडे ठेवून गेले. पुढे त्यांनी तिकडे दुसरं लग्न केलं. तीन-चार वर्षांतून एकदा ते यायचे, सुगंधी साबण आणि मुंबईच्या विमानतळावर घेतलेल्या गोळ्या घेऊन, आणि निघताना माझ्या डोक्यावर हात ठेवून म्हणायचे, तुला न्यायचीच आहे. मी ते खरं धरून चालले होते. पोरीने बापाचं बोलणं खरं धरायचं नाही तर कुणाचं धरायचं?

काकीला मूलबाळ नव्हतं. ती माझ्यावर जीव टाकायची, पण तसं दाखवायची नाही; तिचा जीव सगळा तोंडाने ओरडण्यात आणि हाताने वाढण्यात. घर मांडवीला, समुद्रापासून हाकेच्या अंतरावर. वारा फिरला की मिरकरवाड्याकडून सुकत घातलेल्या मासळीचा वास थेट स्वयंपाकघरात यायचा आणि काकी म्हणायची, शेजारणीच्या घरात काय शिजतंय ते कळत नाही मेलं. पहाटे ट्रॉलरांची इंजिनं धडधडत बाहेर पडायची. त्या आवाजावर ती उठायची, चूल पेटवायची, आणि गॅस घरात आल्यावरही भाकरी चुलीवरच भाजायची. भाजलेला बांगडा, तिरफळ घातलेली आमटी, तांदळाची पेज आणि लोणच्याची फोड, याच्यावर मी वाढले. आता गुडघ्यांचे डॉक्टर विचारतात, लहानपणी आहार कसा होता? मी सांगते, उत्तम होता, चूक आहारात नव्हती.

धावायला मी कधी लागले ते आठवत नाही. शाळेत शर्यत असली की मी पुढे असायचे, तालुक्यालाही असायचे. त्याच्यापुढे मात्र कागद आडवे यायचे, कारण जी पोर या देशाची नागरिकच नाही ती जिल्ह्यातून राज्याला जाऊन करणार काय? खेळाच्या सरांनी हात वर केले. अण्णा एरवी कुणाशी भांडत नसत, तेव्हा भांडले, पण नियम तो नियम. मी दोन दिवस जेवले नाही आणि तिसऱ्या दिवशी दोन दिवसांचं जेवले.

मी कॉलेजात जाऊ लागले त्या सुमाराची गोष्ट. बाबांचा फोन शेजारच्या सावंतांकडे यायचा, रविवारी. सावंतीण कुंपणावरून हाक मारायची आणि मी तशीच अनवाणी पळायचे. एका रविवारी बाबा उत्साहाने बोलत होते. चार वर्षांनी भरणारा अनेक देशांचा, अनेक खेळांचा मोठा मेळा होता, आणि त्यांच्या देशाला, म्हणजे माझ्या देशाला, तिथे पथक पाठवायचं होतं. धावणाऱ्या मुली तिथे नव्हत्याच. बंदरावर येणाऱ्या क्रीडा मंडळाच्या चिटणीसाला बाबांनी सांगून ठेवलं होतं, माझी एक मुलगी आहे, ती पंधराशे मीटर धावते. आता त्यांना माझी वेळ हवी होती. शेवटी बाबा जे म्हणाले ते मला अजून त्यांच्या आवाजात ऐकू येतं.

"वेळ चांगली असली तर तुला बोलावतो. धाव, आणि मग इथेच राहा. कॉलेजात घालतो तुला."

मी घरी येऊन हे सांगितलं तेव्हा काकी विळीवर बसून कोवळ्या फणसाची कुयरी चिरत होती. ती चिरत राहिली. अण्णा मात्र उठून येरझाऱ्या घालू लागले. एरवी थंड डोक्याचा माणूस, पण त्यांच्या डोळ्यांत त्या दिवशी काही वेगळंच होतं. भावाने पोर टाकली हे त्यांनी कधी उच्चारलं नव्हतं, पण ते त्यांना सलत होतं, आणि आता भाऊ तिला बोलावतोय म्हटल्यावर ते काम चोख व्हायला हवं होतं. पोर जाणार म्हणजे आपलं घर रिकामं होणार हे त्यांना कळत नव्हतं असं नाही. तरी कामाला लागले ते तेच.

स्टेडियमवर क्रिकेटवाल्या पोरांची गर्दी. शिवाय तिथे मुलगी धावली की बघायला आणखी दहा जण उभे. म्हणून अण्णांनी मांडवीचा किनारा ठरवला. ओहोटीला तिथली काळी वाळू अशी घट्ट होते की सायकल चालवावी. पुनवेच्या, अवसेच्या आसपास ओहोटी पहाटे आणि संध्याकाळी मिळायची, मग ती रोज थोडी थोडी उन्हात सरकायची, आणि अष्टमीच्या सुमारास समुद्र फारसा मागे जातच नसे, त्या भांगाच्या दिवसांत मला सुट्टी. आमचं सगळं घर ओहोटीवर चालू लागलं. काकी पंचांग बघून तांदूळ धुवायची. कधी नाश्ता अकराला, कधी जेवण चारला. शेजारी विचारायचे, तुमच्याकडे घड्याळ बंद पडलंय की काय.

अंतर मोजायचं कशाने, यावर अण्णांनी बराच विचार केला. शाळेचा फितीचा टेप तोकडा, आणि वाळूने त्याचे आकडे खरवडून जायचे. होडीवाल्यांचा नायलॉनचा दोर फुकट मिळत होता, तो त्यांनी घेतला नाही. नायलॉन ताणतो, त्याच्यावर विश्वास ठेवायचा नाही असं त्यांचं मत. त्यांनी मुद्दाम काथ्याचा नवा दोर आणला, तो अंगणात उन्हात ताणून ठेवला, शाळेचा टेप दोनदोनदा लावून पन्नास मीटरवर लाल चिंधी बांधली. मग आमची वरात किनाऱ्यावर. एका टोकाला अण्णा, दुसऱ्या टोकाला नऊवारीचा काष्टा घट्ट मारलेली काकी. दोर ओल्या वाळूवर ओढत, एकेक लांबी मोजत ती दोघं पुढे सरकायची, मी मागून वाळूत खुंट्या ठोकायचे. भरती खुंट्या उपटून न्यायची, त्यामुळे हे दर खेपेला नव्याने. दोर समुद्रातून निघाल्यासारखा ठिबकत घरी यायचा आणि पडवीत टांगला जायचा. काकी म्हणायची, "नवऱ्याने लग्नात सात पावलं चालवलंन, आता किनारा चालवतोय." पण ती कधी आली नाही असं झालं नाही.

अण्णांच्या हातात शाळेचं स्टॉपवॉच असायचं. पहिल्या आठवड्यात त्यांनी आकडा वाचला, घड्याळ झटकलं आणि मला पुन्हा धावायला लावलं. पुन्हा तोच आकडा. काही आठवड्यांत तो आणखी उतरला. अण्णा जुन्या वर्तमानपत्रांतून देशातल्या चांगल्या धावपटू मुलींच्या वेळा शोधून काढायचे आणि माझ्या वेळेशी ताडून बघायचे, मग चष्मा पुसायचे. वर ते म्हणायचे की इथे अर्ध्या वाटेवर वळावं लागतं, पाय वाळूत असतात, खऱ्या ट्रॅकवर ही पोर याहून पुढे जाईल. त्यांनी फोनवर बाबांना वेळ सांगितली तेव्हा बाबांनी ती दोनदा विचारून घेतली. त्या संध्याकाळी काकीने नारळाच्या दुधातली खीर केली आणि वाढताना मला म्हणाली, "खा गो बाय. तिकडे कोण घालणार तुला असलं?" तिचा आवाज फुटला तो तिने खोकल्यात घालवला.

बेटावर मी उतरले तेव्हा बाबा बंदरातल्या चार-पाच दोस्तांना घेऊन आले होते. प्रत्येकाला सांगत होते, माझी मुलगी. एवढे शब्द ऐकायला मी किती वर्षं थांबले होते ते त्यांना माहीत नसावं. त्यांच्या घरात सावत्र आई शांत बाई होती, वाईट नव्हती, पण पाहुण्यांचं ताट वेगळं काढतात तसं माझं सगळं वेगळं असायचं. टॉवेल वेगळा, पेला वेगळा, झोपायला बैठकीच्या खोलीतला कोच. धाकटे दोघे भाऊ माझ्याकडे दारातून बघायचे आणि पळून जायचे. मी स्वतःशी म्हणायचे, होईल सवय, कॉलेज सुरू झालं की होईल.

तिसऱ्या दिवशी तिथल्या मैदानावर चाचणी होती. पथकाचा शिक्षक, बाबा, त्यांचे दोस्त, सगळे कठड्याला टेकून उभे. मी धावले, जीव तोडून धावले, आणि थांबले तेव्हा शिक्षक घड्याळाकडे बघत होता तसाच बघत राहिला. मग त्याने बाबांना आकडा दाखवला. मी म्हटलं, प्रवासाचा शीण असेल, नवीन बुटांची सवय नाही. दुसऱ्या दिवशी पुन्हा धावले तर आकडा आणखी वाईट. दोस्तांपैकी एक जण काहीतरी बोलून हसला, बाबा हसले नाहीत. घरी जाताना गाडीत त्यांनी फक्त एवढंच विचारलं, "अण्णांनी वेळ नीट घेतली होती ना?" मी हो म्हटलं. अण्णा आणि नीट नाही, हे मला शक्यच वाटत नव्हतं. चूक माझ्यातच असणार, माझ्या पायांत काहीतरी बिघडलं असणार, असं मी धरून चालले. त्यानंतर बाबा सरावाला आले नाहीत. नाव आधीच गेलं होतं, म्हणून पथकात मी राहिले. एकदा, फक्त एकदा मांडवीची वेळ पुन्हा आली की बाबांचा चेहरा पूर्वीसारखा होईल, मला ठेवून घेतील, एवढं एकच त्या दिवसांत डोक्यात होतं.

मेळ्याचं शहर प्रचंड होतं आणि आमचं पथक एका छोट्या बसमध्ये मावून वर जागा उरायची. वजन उचलणारा जोसेफ अग्निशमन दलात कामाला होता. पोहणारा मुलगा हॉटेलच्या तलावात, पाहुणे उठायच्या आधी, सराव करून आलेला. व्यवस्थापक म्हणून आलेली स्थूल बाई बँकेत होती आणि रजा टाकून आली होती. उद्घाटनाला आम्ही झेंडा घेऊन चाललो तेव्हा आमच्या पुढच्या देशाची रांग एवढी लांब की तिचं टोक दिसेना, आणि आमच्या मागचे दुसरे आमच्या टाचांवर. आमचं नाव पुकारून होईपर्यंत आमचा देश संपला होता. माझ्या अंगावरचा कोट दोन मापं मोठा होता. मला ज्या झेंड्याचे रंगही पाठ नव्हते त्याच्या मागे मी चालत होते आणि वरच्या अंधाऱ्या गर्दीत बाबा नाहीत हे माहीत असूनही मान वर करून बघत होते.

जोसेफ चांगला माणूस. जेवणघरात तो माझ्यासमोर बसायचा. तो सांगायचा की त्याची ही तिसरी खेप, दर वेळी त्याची पाळी सकाळी लवकर, खुर्च्या रिकाम्या असतात तेव्हा, आणि तो ज्या वजनावर थांबतो तिथून जिंकणारे उचलायला सुरुवात करतात. मी त्याला विचारलं, मग का येतोस? त्याने खांदे उडवले आणि म्हणाला, कुणीतरी यायला लागतं ना, नाहीतर देश नाही असं समजतील. त्याला ते पुरत होतं. मला पुरणार नव्हतं. मला देशाचं काही पडलं नव्हतं, मला एक घर हवं होतं.

शर्यतीचं काय सांगू? बंदुकीच्या आवाजानंतर पहिल्या वळणापर्यंत मी इतर मुलींच्यात होते. दुसऱ्या वळणावर त्या पुढे गेल्या, चिडून नाही, जोर लावून नाही, नुसत्या गेल्या, आपण बसथांब्यावर उभं असावं आणि बस न थांबता जावी तशा. मग बराच वेळ मी एकटीच धावत होते. त्या पोचल्या तेव्हा माझी शेवटची फेरी नुकतीच सुरू झाली होती, आणि तेव्हा लोक टाळ्या वाजवायला लागले. एवढं मोठं मैदान, आणि ते सगळे माझ्यासाठी टाळ्या वाजवत होते. लोकांचा हेतू चांगला होता. पण लंगड्या पोराला पायरी चढताना बघून वाजवतात त्या टाळ्या वेगळ्या असतात आणि त्या मला ओळखू येत होत्या. आजही कुणी मला धीर द्यायला हसलं की मला ती फेरी आठवते. रेषा ओलांडली तेव्हा पुढच्या स्पर्धेचे लोक सामान घेऊन कडेला उभे होते. त्यांनी मला हाताने बाजूला व्हायची खूण केली.

निघायच्या दिवशी व्यवस्थापक बाईने सगळ्यांना तिकिटं वाटली. सगळ्यांची बेटाची होती, माझं मुंबईचं. मी म्हटलं, चूक झाली. ती माझ्या शेजारी बसली, माझा हात हातात घेतला आणि म्हणाली की चूक नाही, तुझ्या वडिलांनीच तसं सांगितलंय. मी रडले नाही. मला वाटलं, बरोबर आहे, शेवटची आलेली मुलगी कोण ठेवून घेईल?

रत्नागिरी स्टेशनवर अण्णा उभे होते. नवीन रेल्वे, नवीन फलाट, आणि त्या भल्यामोठ्या फलाटावर ते एकटेच, छत्री काखेत धरून. मी पाया पडले तर त्यांनी मला उठवलं आणि पहिलंच वाक्य ते बोलले, चहापाणी, प्रवास काही न विचारता.

"तुझा दोष नाय गो. दोर आखडला होता."

रिक्षात त्यांनी सगळं सांगितलं. मी गेल्यावर किनाऱ्यावर जाणं थांबलं, दोर पडवीत वाळत राहिला. एक दिवस काकी म्हणाली, हा लांबला कसा, खाली लोळतोय. अण्णांनी तो अंगणात मोजला तर बरोबर पन्नास. मग त्यांच्या मनात काय आलं कोण जाणे, त्यांनी तो हौदात बुडवला आणि ओला मोजला. कित्येक हात कमी. काथ्या ओल्याने आखडतो. म्हणजे रोज, प्रत्येक लांबीला, मी कमी धावत होते, आणि ते थोडं थोडं साठून माझी ती वेळ झाली होती. जन्मभर मुलांना मोजमाप शिकवणारा माणूस हे सांगत होता आणि त्यांची मान वर होत नव्हती. मला राग यायला हवा होता, तो आला नाही. मला उलट हलकं वाटलं. माझ्या पायांत काही बिघडलं नव्हतं. मी खोटी नव्हते. आणि हे बाबांना कळलं, की मी फसवलं नाही, दोराने फसवलं, तर कदाचित.

ते कदाचित अण्णांच्याही मनात होतं. काकीने वाढलेली पेज त्यांनी अर्धी टाकली आणि म्हणाले, चल, सुधाला फोन करू. आम्ही एसटी स्टँडजवळच्या बूथवर गेलो. काचेच्या त्या खोक्यात दोघं मावत नव्हतो, मी दार उघडं धरून बाहेर उभी राहिले. अण्णांनी आधी ठरवून आणल्यासारखं सगळं एका दमात सांगितलं. चूक माझी आहे, पोरीची नाही. ती धावते चांगली, एक वर्ष खऱ्या मैदानावर धावली तर सुधारेल. तिला परत बोलाव, कॉलेजचं तू म्हणाला होतास. मग ते थांबले. पलीकडून बोलणं चाललं होतं. अण्णांच्या कपाळावरची शीर मला दिसत होती.

"मुंबईचं तिकीट कधी काढलंस?" त्यांनी विचारलं. आणि जरा वेळाने, "ती तिकडे यायच्या आधीच?"

पुन्हा पलीकडून काहीतरी.

"मग राहा म्हणून तिला कशाला सांगितलंस, सुधा?"

त्यांनी रिसीव्हर ठेवला तो जागेवर बसेना, दोनदा ठेवावा लागला. बाहेर एसटी लागल्या होत्या, कंडक्टर राजापूर राजापूर म्हणून ओरडत होता. अण्णा चालू लागले आणि मी त्यांच्या मागे. मला वाटतं, त्या माणसाला ती चूक स्वतःची हवी होती. दोराची चूक सुधारता आली असती. पेठकिल्ल्याच्या उतारावर मी त्यांना गाठलं आणि विचारलं.

"अण्णा, मी पहिली आले असते तरी?"

ते चालायचे थांबले. माझ्याकडे बघितलं नाही.

"तरी," ते म्हणाले.